सोंगातून वगळलेला फॉरवर्ड

माझ्या तळघरात दर सप्टेंबरला एक नवा अमेरिकन येतो आणि एप्रिलमध्ये निघून जातो. बास्केटबॉल क्लबशी माझी तशी बोलीच आहे. मासळीचा कारखाना, शाळा, चर्च आणि पोहण्याचा तलाव संपला की आइसलँडमधलं आमचं क्राउकुविक संपतं. अशा गावात करमणूक ती कसली असणार? काही जण पक्षी बघतात. मी अमेरिकन बघते.

लोक मला भोचक म्हणतात. म्हणू देत. मी तलावाच्या तिकीटखिडकीत बसते, त्यामुळे कोण कोणाबरोबर पोहायला आलं आणि कोण यायचं थांबलं हे मला न विचारता कळतं. माणसांबद्दल मला कुतूहल आहे आणि ते मी लपवत नाही. बाकीच्यांनाही असतं, फक्त ते पडद्याआडून बघतात.

आजवरचे सगळे पोरसवदा होते. कॉलेज संपवून थेट इथे यायचे, पहिल्या बर्फाला फोटो काढायचे आणि दुसऱ्या बर्फाला आईला फोन करायचे. कॉर्डेल मेब्री आला तो निराळाच निघाला. वय तेहेतीस, कानशिलावर पांढरे केस डोकावायला लागलेले, दोन्ही गुडघ्यांना पट्ट्या. उंची अशी, की तळघराच्या दाराची चौकट बरोबर त्याच्या कपाळावर यायची. पहिल्या दिवशी आपटला. दुसऱ्या दिवशी आपटला. तिसऱ्या दिवशी मला वरच्या स्वयंपाकघरात तो आवाज ऐकवेना.

"थांब," मी जिन्यावरून ओरडले, "जुन्या गादीचा फोम पडलाय माझ्याकडे. चौकटीवर ठोकून टाकते."

"राहू द्या, मॅम," तो कपाळ चोळत म्हणाला. "एप्रिलपर्यंतचाच तर प्रश्न आहे."

"मॅम काय मॅम? आमच्याकडे राष्ट्राध्यक्षालाही नावानं हाक मारतात. स्टेनव्होर म्हण."

"हो, मॅम," तो म्हणाला.

मग मी त्याचा अभ्यासच सुरू केला. हा माणूस पायरीवरच्या बर्फावर मीठ टाकायचा ते सूपच्या चमच्यानं, मोजून मोजून, जसं काही पायरीला रक्तदाब आहे. भेटेल त्याला "कसं काय?" विचारायचा आणि उत्तराची वाट न बघता पुढे जायचा. आमच्याकडे असं कुणी विचारलं तर माणसं खरं सांगायला लागतात. म्हाताऱ्या बाउर्डुरनं त्याला आपल्या मूतखड्याची हकीकत सांगायला घेतली आणि पहिला खडा पडायच्या आतच कॉर्डेल कोपऱ्यावरून दिसेनासा झाला. बाउर्डुर अजून ती गोष्ट मनात धरून आहे.

मैदानावर तर त्याच्या तऱ्हा बघायलाच हव्यात. फ्री थ्रोच्या आधी वाकून दोन्ही मोजे वर ओढायचा, मग चेंडू घ्यायचा. रेफरीनं त्याच्याविरुद्ध फाउल दिला की त्या रेफरीलाच "थँक यू" म्हणायचा! ओग्मुंडुर, म्हणजे मासळी कारखान्याचा मुकादम, गॅलरीत उभा राहून बोंबलायचा, "अरे, तो आपल्याला लुटतोय, आभार कसले मानतोस!" पण इथे आइसलँडिकमध्ये ओरडलेलं त्याला कळायचं नाही. आणि त्याच्या तोंडावर, त्याला कळेल अशा भाषेत कुणी काही बोलायचं नाही. तोंडावर सगळे गोड.

खेळायचा मात्र चोख. कॉलेजात असताना उड्या मारून बास्केट करायचा म्हणे. आता गुडघे उडू देत नाहीत, पण फळीवरून उसळलेला चेंडू नेमका कुठे पडणार हे त्याला आधी कळायचं, आणि तो तिथे आधीच उभा असायचा. त्याच्यामुळे आमचा संघ तळातून वर सरकला. खालच्या विभागात घसरायची भीती गेली नव्हती, पण निदान गॅलरीत माणसं पुन्हा जोरानं ओरडायला लागली होती.

जानेवारी लागला आणि बेल्जियममधल्या एका क्लबनं त्याला मागणी घातली. मोठा हॉल, चांगला पगार, पण फक्त मेपर्यंत. महिनाअखेर खेळाडूंची देवाणघेवाण बंद होते, त्याच्या आत उत्तर हवं होतं. इकडे आमची हाल्दिस, शाळेची मुख्याध्यापिका आणि क्लबची अध्यक्ष, तिनंही त्याच्यापुढे प्रस्ताव ठेवला होता. आणखी दोन वर्षं राहा, खेळ आणि गावातल्या मुलांना शिकव. त्यानं दोघांनाही "विचार करतो, आभारी आहे" एवढंच सांगितलं.

हाल्दिस माझ्या खिडकीवर आली. "स्टेनव्होर, काढ ना त्याच्याकडून काहीतरी. तुला जमतं."

"वा! एरवी भोचक, आणि गरज पडली की जमतं?"

"हो," हाल्दिस म्हणाली. ती मुख्याध्यापिका आहे, तिला लाज वाटत नाही.

त्याच आठवड्यात थोर्री मेजवानीच्या समितीची बैठक होती. ऐन हिवाळ्यात सगळं गाव एका हॉलमध्ये जमून जेवतं आणि मग समिती रंगमंचावर गावाची सोंगं आणते. वर्षभरात कोण कुठे तोंडावर आपटलं, कुणी काय मूर्खपणा केला, सगळं निघतं. पाद्री सुटत नाही, डॉक्टर सुटत नाही. मी तर दरवर्षी असतेच, दुर्बीण घेऊन. कोणाचं सोंग येणार हे मात्र आधी फुटता कामा नये. जो फोडेल त्याला पुढच्या वर्षी सगळ्यात वाईट सोंग मिळतं.

बैठकीत ओग्मुंडुर उठला. बुटका, पोट सुटलेला, आणि नकला करण्यात त्याचा हात धरणारा कुणी नाही. "यंदाचं शेवटचं सोंग, कॉर्डेल मेब्री!" असं म्हणून त्यानं वाकून असे काही मोजे ओढले की हाल्दिसच्या नाकातून कॉफी आली.

"मुळीच नाही," मी म्हणाले.

"का?"

"तो पाहुणा आहे म्हणून. ओरेगनचा पोरगा आठवतोय? गाडी बर्फात रुतवणारा म्हणून तूच त्याचं सोंग आणलंस. मंगळवारच्या विमानानं तो घरी गेला तो गेलाच. त्याच्या फ्रिजमधलं दूध मला ओतावं लागलं. आता तर बेल्जियमवाले दारात उभे आहेत आणि तू त्याची टर उडवणार? सगळ्या गावासमोर?"

"हा काही पोरगा नाही, स्टेनव्होर. हा हसेल."

"आणि नाही हसला तर? तू खेळणार आहेस का त्याच्या जागी फॉरवर्ड?"

ओग्मुंडुरनं आपल्या पोटाकडे बघितलं आणि खाली बसला. हाल्दिसही माझ्या बाजूनं झाली. पाहुण्याचा मान राखायचा असं ठरलं. घरी जाताना मी स्वतःवर भलतीच खूश होते.

दोन दिवसांनी मी मटणाचं सूप केलं आणि कॉर्डेलला वर बोलावलं. आमच्या मेंढीच्या सूपपुढे भल्याभल्यांच्या जिभा सैल होतात. दुसरा वाडगा होईपर्यंत मी थांबले.

"इतके देश फिरलास," मी म्हटलं, "एका ठिकाणी टिकला का नाहीस?"

"टिकवलं नाही कुणी, मॅम." तो हसला. "आमच्यासारख्यांचा करार म्हणजे बर्फावरची पायवाट. स्लोव्हाकियात एका सकाळी माझी किल्ली माझ्याच दाराला लागेना. काढून टाकल्याचं तसं कळलं. सायप्रसमध्ये मालकानं समुद्रकाठी जेवायला नेलं. मासा उत्तम होता. फिनलंडमध्ये मॅनेजरबाई रडल्या, मलाच त्यांची समजूत घालावी लागली."

"आणि पोर्तुगाल? तिथेही खेळलास ना?"

"तिथे आठवडाभर सगळे माझ्याशी फारच चांगलं वागायला लागले. मी आपणहून सामान बांधलं."

मला हसू आलं, त्यालाही आलं. मग मी कॉलेजबद्दल विचारलं. अर्कान्सासमधलं कॉलेज, मोठा हॉल, शनिवारी तो गच्च भरलेला. हे सगळेच सांगतात. पण कॉर्डेलनं भलतीच गोष्ट सांगितली.

"पहिले कितीतरी महिने सगळे माझ्याशी सभ्यपणे वागायचे. सीनियर मुलं, कोच, सगळे. वाटायचं, आपण इथे कुणीच नाही. मग एक दिवस सरावात, जर्सी धुणारे मिस्टर ओटिस होते, ते सगळ्यांसमोर म्हणाले, 'हा बघा, कसा पळतोय, टपाल वाटायला उशीर झालेल्या पोस्टमनसारखा!' सगळी टीम जमिनीवर लोळून हसली. मी रूमवर गेलो आणि आईला फोन केला. म्हटलं, आई, आता मी टीममध्ये आहे." त्यानं चमचा वाडग्यात फिरवला. "चार वर्षं सगळा हॉल 'पोस्टमन, पोस्टमन' ओरडायचा. त्यानंतर कुठेच कुणी मला नाव ठेवलं नाही. सगळीकडे मी मिस्टर मेब्री."

"मग हाल्दिसला काय सांगणार आहेस?"

"माहीत नाही. हाल्दिस चांगल्या आहेत. इथे सगळेच चांगले आहेत." त्यानं वाडगा बाजूला सरकवला. "तुमच्या त्या मेजवानीत म्हणे अख्ख्या गावाची सोंगं काढतात?"

"गावात राहणारा कुणी सुटत नाही."

"कुणीच नाही?"

"बघशीलच," मी म्हणाले. समितीचं गुपित माझ्या पोटात होतं.

"मग शनिवार होऊ दे," तो म्हणाला. "नंतर ठरवतो."

मी हाल्दिसला निरोप दिला की तो मेजवानीसाठी उत्सुक आहे, लक्षण चांगलं आहे. एवढं मोठं कुतूहल घेऊन जन्माला आलेली मी, आणि समोर ठेवलेलं मला दिसू नये!

मेजवानी खेळाच्या हॉलमध्येच होती. मैदानावर जाजमं अंथरलेली, बास्केटखाली टेबलं. शेजारच्या बाईनं विणून दिलेला लोकरी स्वेटर घालून कॉर्डेल आला. बाह्या कोपराच्या थोड्याच खाली संपत होत्या. मी त्याला बोगुमिलाशेजारी बसवलं. बोगुमिला पोलंडहून मासळी कारखान्यात आली ती इथलीच झाली. इंग्रजी बरं बोलते आणि खालच्या आवाजात बोलणं तिला माहीत नाही. त्यानं भाजलेली मेंढीची मुंडी खाल्ली, आंबवलेला शार्क डोळ्यांत पाणी आणून खाल्ला, आणि आंबट पाण्यात मुरवलेल्या ज्या गोष्टींची नावं जेवताना विचारू नयेत त्याही विचारून खाल्ल्या.

मग सोंगं सुरू झाली. स्वतःच्याच प्रवचनात पेंगणारा पाद्री. बंदराला चुकीची लागलेली बोट बघून तिला वर्गाबाहेर उभं करणारी हाल्दिस. मी, तिकीटखिडकीतून दुर्बिणीनं लोकांच्या सामानाच्या पिशव्या तपासताना. कारखान्याच्या छपरावरच्या समुद्रपक्ष्यांशी पोलिशमध्ये भांडणारी बोगुमिला. तेव्हा खरी बोगुमिला खुर्चीवर चढली आणि तिनं चारी बाजूंना वाकून नमस्कार केला.

"आता कोण?" कॉर्डेल दर वेळी तिला विचारत होता. "आणि आता?"

शेवटच्या सोंगाआधी मी त्याच्याकडे बघितलं. त्यानं काटा खाली ठेवला होता. तो टेबलाखाली वाकला आणि त्यानं दोन्ही मोजे वर ओढले. मला वाटलं, लोकरीनं खाज सुटली असेल.

शेवटचं सोंग डॉक्टरच्या कुत्र्याचं होतं. मग सगळे उभे राहिले, गाणं झालं, टाळ्या झाल्या. कॉर्डेल शेवटपर्यंत टाळ्या वाजवत होता. निघताना माझ्याजवळ आला.

"फार सुंदर कार्यक्रम झाला, मॅम," तो म्हणाला. "सगळे माझ्याशी फारच चांगलं वागले."

रविवारी सकाळी तो कॉफीला वर आला. कपाळ आपटल्याचा आवाज आधी आला, मग तो.

"मी बेल्जियमला हो म्हणणार आहे," बसता बसताच तो म्हणाला. "संध्याकाळी कळवतो. उद्याचं विमान मिळेल."

मी किटली पुन्हा शेगडीवर ठेवली. "अरे, पण काल तर किती मजेत होतास!"

"होतो ना." त्यानं कप दोन्ही हातांत धरला. "एक विचारू? तुमच्या सोंगांत कोण नसतं?"

"ज्यांच्या घरात त्या वर्षी कुणी गेलेलं असतं ते. आणि सहसा पाहुणे."

"हं. मला वाटलंच होतं."

"मग? पाहुण्याचा मान राखला, यात आमचं काय चुकलं?"

"काहीच नाही, मॅम. कुणाचं कुठेच काही चुकत नाही." तो उठला. "शेवटचं एकदा तलावावर येईन म्हणतो. गुडघ्यांना बरं वाटतं."

खाली जाताना पुन्हा आपटला. आधी मला त्याचा राग आला. चांगलं वागलं तरी यांचं तोंड वाकडं! मग टेबलाखाली वाकून मोजे ओढणारा तो मला दिसला. फ्री थ्रोच्या आधी ओढतो तसे. तो तयार होऊन बसला होता. पाच महिने ज्याची वाट बघितली ते आता येईल म्हणून बसला होता, आणि आम्ही त्याच्या पुढ्यात डॉक्टरचं कुत्रं आणून ठेवलं.

मेजवानीच्या दुसऱ्या दिवशी सगळं गाव गरम पाण्याच्या कुंडात येऊन बसतं, गळ्यापर्यंत, डोकी धरून. मी तलाव उघडला, खिडकी भाचीला सांभाळायला दिली, पोहण्याचा पोशाख चढवला आणि बर्फातून धावत जाऊन कुंडात उतरले.

"कॉर्डेल चाललाय," मी म्हणाले. "उद्या."

हाल्दिसनं डोळे उघडले. "का?"

"आपण त्याची टिंगल केली नाही म्हणून."

"काय?" ओग्मुंडुर एवढा उसळला की पाणी माझ्या नाकात गेलं. "मी काय सांगत होतो? मी काय सांगत होतो तुला?"

"ओरडू नकोस, डोकं दुखतंय," हाल्दिस म्हणाली. "टिंगल केली नाही म्हणून कुणी गाव सोडतं का?"

"सोडतं," बोगुमिला म्हणाली. कधी नव्हे ती हळू बोलली, म्हणून सगळे तिच्याकडे बघायला लागले. "सहा वर्षं मी त्या हॉलमध्ये बसून टाळ्या वाजवल्या. तुम्ही मला खुर्ची द्यायचात, केक द्यायचात, हवा कशी वाटते विचारायचात. सातव्या वर्षी याच ओग्मुंडुरनं डोक्याला रुमाल बांधून माझं सोंग आणलं. मी बाथरूममध्ये जाऊन रडले. आनंदानं रडले, मूर्खांनो! त्या उन्हाळ्यात मी घर विकत घेतलं."

मला तर पाण्यात बुडून बसावंसं वाटत होतं. मान राखला म्हणून मी स्वतःची पाठ थोपटत होते, आणि त्या माणसाला मी दाराबाहेर उभं केलं होतं.

तेवढ्यात कपडे बदलायच्या खोलीचं दार उघडलं आणि कॉर्डेल बाहेर आला, बर्फावरून छोटी छोटी पावलं टाकत. कुंडातली माणसं सवयीनं सरकली. सगळ्यात गरम झोताजवळची जागा त्याच्यासाठी रिकामी झाली.

"सरकू नका रे!" बोगुमिला तिच्या नेहमीच्या आवाजात गरजली. "मिळेल तिथे बसेल तो!"

कॉर्डेल गोंधळला आणि बाउर्डुर म्हातारा आणि कडेची पायरी यांच्यामध्ये कसाबसा दाटीवाटीनं बसला. गुडघे पाण्याबाहेर. ओग्मुंडुरनं माझ्याकडे बघितलं. मी मान डोलावली.

ओग्मुंडुर कुंडातून बाहेर चढला. उघडा, ओला, पोटावरून वाफा निघताहेत, पायाखाली बर्फ. आधी त्यानं जेवढं उंच होता येईल तेवढं उंच होऊन चवड्यांवर चालून दाखवलं. एकेकाला "कसं काय? कसं काय? कसं काय?" करत तो असा सुसाट गेला की उत्तर द्यायला तोंड उघडायची सोय नाही. मग हवेतल्या चौकटीवर कपाळ आपटलं आणि त्या चौकटीलाच म्हणाला, "सॉरी, मॅम." मग चिमूटभर बर्फ चमच्यात घेतल्यासारखं करून पायरीवर शिंपडलं आणि चव घेऊन बघितली. सगळं इंग्रजीत, त्याच्या त्या मोडक्या कारखानी इंग्रजीत.

हाल्दिसही पाण्यातून मान वर काढून माझ्या आवाजात म्हणाली, "काय रे कॉर्डेल, फोनवर कोणाशी बोलत होतास? मी काही ऐकलं नाही हं! पण आईचा खोकला थांबला ना?"

मग ओग्मुंडुर फ्री थ्रोच्या रेषेवर आला. वाकला. आपल्या उघड्या, केसाळ पोटऱ्यांवरून त्यानं नसलेले मोजे गुडघ्यापर्यंत ओढले, मांडीपर्यंत ओढले, कमरेत खोचले. चेंडू फेकला. चुकला. वळून रेफरीला म्हणाला, "थँक यू, सर! उद्या पुन्हा लुटा, सर!"

एरवी गाव हसून फुटलं असतं. पण कुणी हसेना. सगळे कॉर्डेलकडे बघत होते. त्याचा चेहरा दगडासारखा होता. ओरेगनचा पोरगा अगदी असाच बसला होता.

कॉर्डेल उठला. पाणी निथळत बाहेर आला, ओग्मुंडुरसमोर उभा राहिला. ओग्मुंडुर त्याच्या छातीपर्यंतही पोचत नव्हता.

"चुकलं," कॉर्डेल म्हणाला.

"काय चुकलं?" ओग्मुंडुरचा आवाज जरा बारीक निघाला.

"डावा मोजा आधी." कॉर्डेल वाकला आणि त्यानं दाखवलं, आधी डावा, मग उजवा. "आणि तो शॉट मी चुकवत नाही."

"चुकवत नाहीस?" ओग्मुंडुरला एकदम कंठ फुटला. "गेल्या गुरुवारी दोन चुकवलेस! ओळीनं दोन! मी घरी जाऊन बायकोवर ओरडलो तुझ्यापायी!"

"एक चेंडू ओला होता."

"चेंडू ओला? अरे, हॉलला छप्पर आहे!"

आता मात्र कुंड फुटलं. आणि एकदा फुटल्यावर थांबेना. पाच महिने गिळलेलं सगळं बाहेर आलं. डावीकडे कधी पास देत नाहीस, हाल्दिस म्हणाली, डावीकडे माझा भाऊ उभा असतो! गाडी वाकडी लावतोस, कारखान्याचा ट्रक निघत नाही, कुणीतरी म्हणालं. स्वेटर तुला दोन वेळा उसवून विणून दिला, अजून धुतला नाहीस, शेजारच्या बाईला आठवलं. बाउर्डुर म्हाताऱ्यानं तर त्याचा दंडच धरला. "तू मला विचारलंस कसं काय. विचारलंस की नाही? मग बस. पहिला खडा डिसेंबरात आला."

कॉर्डेल पाण्यात बसला. बाउर्डुरचे तिन्ही खडे त्यानं पूर्ण ऐकले. मधेच त्यानं डोकं पाण्याखाली घातलं आणि बराच वेळ वर काढलं नाही. वर आला तेव्हा सगळा चेहराच ओला होता, त्यामुळे काही सांगता यायचं नाही. माझं मात्र सांगते. मी रडत होते आणि वाफेवर ढकलायलाही मी तयार नव्हते. तेवढ्यात मोठ्या तलावातून पोरं कठड्यावर येऊन लोंबकळली आणि ओरडायला लागली, "मोजे! मोजे! कॉर्डेल मोजे!"

"ते काय म्हणतात?" त्यानं बोगुमिलाला विचारलं. तिनं सांगितलं. त्यानं ते दोनदा स्वतःशी म्हणून बघितलं.

दुपारी मी घरी आले आणि स्वयंपाकघरात बूट न वाजवता फिरत राहिले. हो, कान देऊन फिरत होते. खाली त्याचा फोनवर बोलण्याचा आवाज आला. फार काही कळलं नाही. फरशी जाड आहे, आणि हे मी हाल्दिसलाही सांगितलं. मग शांतता. मग कपाट उघडल्याचा आवाज. मला वाटलं, बॅग काढतोय. कालचं सोंग आज आणलं, एवढ्यानं काय होणार होतं, माणूस किती वर्षांचा पोळलेला. मी टेबलाशी बसले. सूप गरम करायचंही सुचेना.

जिन्यावर पावलं वाजली. दारात कॉर्डेल उभा होता. कपाळावर सकाळचा लाल वण तसाच.

"स्टेनव्होर," तो म्हणाला, "हातोडी आहे का गं तुझ्याकडे? आणि तो गादीचा फोम?"

"कशाला?" मला माहीत होतं, तरी विचारलं.

"दोन वर्षं डोकं आपटून घेऊ होय?"

मी हातोडी शोधून दिली, फोम दिला आणि खिळ्यांचा डबा घेऊन त्याच्या मागोमाग खाली उतरले. चौकटीला हात पोचत असला तरी त्याला खिळा सरळ ठोकता येत नाही असा मला दाट संशय होता, आणि पुढच्या वर्षीच्या सोंगासाठी ते मला स्वतःच्या डोळ्यांनी बघायचं होतं.